खांबोळची माटोळी

"वाडवडिलांच्या भूमीवर माणूस परत पाऊल ठेवतो तेव्हा ती भूमी त्याला ओळखते आणि पोटाशी धरते," असं दत्ताराम म्हणाला आणि पुढच्याच पावलाला गुडघ्यापर्यंत चिखलात गेला.

भूमीने त्याला नक्की ओळखलं असावं, कारण नंतर तिने त्याला सोडायचं नावच घेतलं नाही. डावा पाय ओढला की उजवा आत जाई, उजवा ओढला की डावा. शेवटी शांतारामने आपल्या टिपर चालवायच्या दिवसांतला नायलॉनचा दोर आणला, दत्तारामच्या काखेतून घातला, दुसरं टोक फणसाला गुंडाळलं आणि फसलेली गाडी काढावी तसा आपला बालमित्र काढला. पाय आले. उजवी चप्पल मात्र भूमीने ठेवून घेतली.

हे सगळं दत्तारामच्या बायकोने, देवकीने, बांधावर छत्री धरून पाहिलं. वाक्य तिच्यासाठीच होतं. दत्तारामने ते दोन दिवस घोकलं होतं.

"पोटाक धरलां न्हय तिणें?" देवकी म्हणाली. "आतां चप्पल परत दी म्हणून सांगा तिका."

आणि ती पाचची बस पकडून साखळी गावी, आपल्या फ्लॅटात निघून गेली. आठवड्यातून दोनदा ती यायची, झाडायची, स्वयंपाक करून ठेवायची आणि पाचला जायची. मार्चपासून हे चाललं होतं. दत्तारामला तिने राहायला यावं असं वाटत होतं. त्याला दुसरं काहीच वाटत नव्हतं म्हटलं तरी चालेल.

खांबोळ हा गोव्यात, सर्वण गावाच्या मागच्या डोंगराच्या कुशीतला वाडा. एकेकाळी तिथे सतरा घरं होती. मग डोंगरात खनिज निघालं. म्हणजे ते आधीपासून होतंच, पण कोणाच्या तरी नजरेस पडलं. पुढची चाळीस वर्षं डोंगर थोडा थोडा करून बोटीत बसून परदेशी गेला आणि त्याचा जो भाग परदेशाला नको होता तो खांबोळच्या डोक्यावर ढीग करून ठेवण्यात आला. ह्या ढिगाला डंप म्हणतात. वीस वर्षांपूर्वी एका आषाढात डंप खाली उतरला. देवाची कृपा, माणूस एकही गेलं नाही. भातशेती तेवढी सगळी लाल गाळाखाली गेली. विहिरी त्याच्या आधीच आटल्या होत्या, तेव्हा लोकांनी सामान बांधलं. कंपनीने माणुसकी दाखवून टिपर दिले. त्यातला एक शांताराम चालवत होता. आपला गाव आपल्याच हाताने सहा खेपांत हलवणारा तालुक्यातला तो एकमेव ड्रायव्हर.

विहिरी कोणी आटवल्या, असं विचाराल तर तसं म्हटलं तर दत्तारामनेच. खाण खोल गेली की जमिनीतलं पाणी तिच्यात झिरपतं, आणि ते रात्रंदिवस उपसून बाहेर टाकावं लागतं. दत्ताराम त्या उपशाच्या पंपावर होता. जमीन बाधित झालेल्या घरातला म्हणून नोकरी त्याला खास मिळाली होती. बावीस वर्षं तो स्वतःच्या विहिरीचं पाणी आठ इंची पाइपातून ओहोळात सोडत राहिला, आणि कामाची कदर म्हणून त्याला एकदा भिंतीवरचं घड्याळ मिळालं.

घरची विहीर आटली त्या एप्रिलात देवकी रिकामी कळशी कमरेवर घेऊन थेट पंपापर्यंत चालत आली होती. "एक दीस बंद करा हो," एवढंच म्हणाली. दत्तारामने सांगितलं की पंप बंद केला तर खाण बुडेल आणि नोकरीही बुडेल. दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या. देवकीने कळशी पंपाशेजारी ठेवली आणि रिकाम्या हाताने परत गेली. पुढे साखळीत संसार चांगला झाला. मुलगा सिद्धेश शिकला, औषधाच्या कारखान्यात लागला, क्षमासारखी सून आली. त्या दिवसाबद्दल मात्र नवराबायको कधी एक अक्षर बोलली नाहीत.

मग खाणी बंद पडल्या. पंप थांबले. खाणीचा खड्डा भरून त्याचा हिरवागार तलाव झाला, आणि पर्यटकांना अजून पत्ता लागलेला नसल्यामुळे तो सुंदर आहे. दोन पावसाळे गेले आणि खांबोळच्या विहिरींत कोणालाही न सांगता पाणी परत आलं.

दत्ताराम तेव्हा निवृत्त होऊन गॅलरीतल्या तुळशीला गरजेपेक्षा जास्त पाणी घालत होता. एका दुपारी टीव्हीवर जपान लागलं. तिथे अणुभट्टीचा अपघात होऊन गावंच्या गावं रिकामी केली होती, आणि बऱ्याच वर्षांनी सरकारने त्यातली काही उघडली तशी म्हातारी माणसं परत निघाली होती. एक आजोबा घराचं छप्पर धूत होते. एक आजी शेतातला मुळा उपटून त्याला टिकटिक करणारं यंत्र लावून बघत होत्या. यंत्र थोडं टिकटिकलं, आजींनी थोडा विचार केला आणि मुळा पिशवीत टाकला. दत्ताराम खुर्चीतून उठून उभा राहिला.

"आगो, तांचें वीख दिसनासुद्दां," तो म्हणाला. "आमचें तरी लाल आसा. दिसतां तें काडूंक येता."

देवकीने सांगितलं की जपानात जायचं असेल तर जेवून जा.

शिगमा संपला त्याच्या दुसऱ्या दिवशी तो खांबोळला गेला, आणि आठ दिवसांनी शांतारामही आला. शांतारामची बायको वारली होती आणि त्याला सपाट छपराखाली झोप लागत नसे. अशा प्रकारे खांबोळची लोकसंख्या दोन झाली. वाढ किती टक्के झाली हे सांगता येत नव्हतं, कारण आधीची शून्य होती.

सिद्धेशला हे पसंत नव्हतं. तो कारखान्यात मालाची गुणवत्ता तपासायच्या खात्यात होता, त्यामुळे तपासल्याशिवाय त्याला घास जात नसे. त्याच्या सांगण्यावरून दत्तारामने शेतातली दोन मुठी माती पिशवीत भरून तपासणीला पाठवली. तीन आठवड्यांनी उत्तर आलं की पाठवलेला नमुना मातीचा नाही, कृपया मातीचा नमुना पाठवावा. दत्तारामने तो कागद चौकटीत घालून बाहेरच्या खोलीत लावला, जिथे दुसरा एखादा माणूस घड्याळ लावेल.

त्यांनी घराच्या दोन खोल्यांवर कौलं घातली, वीज आणली, आणि दीड महिना खपून एका कुणग्यातला, म्हणजे शेताच्या एका तुकड्यातला, गाळ खरवडून काढला. त्याच्याखाली खरोखर जुनी काळी माती होती. दत्तारामने ती हातात घेतली आणि वास घेतला. शांतारामने विचारलं, कशाचा वास येतो. दत्ताराम म्हणाला, मातीचा. दोघं बराच वेळ हसत बसले. मग शेणखत घालून भेंडी, दोडकी, तवशी, चिबूड असलं काय काय लावलं आणि ते उगवलं, ह्याचं आश्चर्य दोघांनाही सारखंच झालं.

एकच अडचण होती. सर्वणला रोज येणारा पोदेर, म्हणजे पाववाला, दोन उंड्यांसाठी सायकल डोंगरावर चढवायला तयार नव्हता. शांतारामने त्याला समजावलं की लोकसंख्या वाढते आहे. पोदेराने विचारलं, कधी. शांतारामने देवकीकडे पाहिलं. देवकीने डोंगराकडे.

चिखलातला तो प्रकार झाला त्याच्या पुढच्या खेपेला, नागपंचमीच्या दिवशी, दत्तारामने नवं भाषण न करता सरळ विचारलं: ह्या वर्षी चवथ इथेच करूया का? वीस वर्षं गणपती फ्लॅटात, फ्रिजच्या शेजारी बसत होता.

देवकी भांडी घासत होती. तिने हातातलं भांडं धुवून पालथं घातलं.

"करूंया," ती म्हणाली. "पूण माटोळी हांगाचीच जाय. ह्या जमिनीवयली. मांयचे एकवीस जिनस. बाजारचें एक फळ जरी लागलें, तर पंचमीक गणपती वता तशें हांवूय वतलें. गणपती फुडल्या वर्सा येता. हांव येवचें ना."

चवथीला गोव्यात गणपतीच्या डोक्यावर लाकडी चौकट टांगतात आणि तिला त्या दिवसांतली फळं, शेंगा, रानवेली बांधतात. ती माटोळी. मांय म्हणजे दत्तारामची आई; तिच्या माटोळीला एकवीस जिनस असत, एकही विकतचा नसे. हल्ली माटोळीचा वेगळा बाजारच भरतो आणि रान पिशवीतून घरी येतं. गणपतीने अजून तक्रार केलेली नाही.

दत्तारामने अट ताबडतोब मान्य केली. पंपाच्या आवाजावरून कुठलं बेअरिंग जाणार हे आठवडाभर आधी सांगणारा हा माणूस. रानातलं त्याला फणस आणि फणस नसलेलं, एवढाच फरक कळत असे. तरी तो रोज सकाळी कोयता घेऊन निघू लागला. ओहोळाच्या काठाने जायचा, घळीत उतरायचा, पडक्या घरांच्या मागे फिरायचा, झाडाखाली उभा राहून वर बघायचा. ज्या झाडाचं नाव येत नसे त्याचं पान तोडून शांतारामला आणून दाखवायचा. शांतारामलाही येत नसे, पण तो सांगायचा. एका दिवशी दत्ताराम दुपारपर्यंत आला नाही म्हणून शांताराम शोधायला गेला तर तो एका दगडावर बसून खंड्या बघत होता. म्हणाला, ह्या ओहोळात हा पक्षी होता हे मला माहीतच नव्हतं. बावीस वर्षं पाणी मीच सोडत होतो.

चवथीला चार दिवस राहिले तेव्हा मोजदाद झाली. नारळ, भेंडी, दोडकं, तवसं, चिबूड, पडवळ, रानातली फागलां, पांढऱ्या पानांची शेरवड आणि वटवाघळाने अर्धा ठेवलेला एक पेरू. अर्ध्यासकट नऊ.

दत्ताराम त्या दिवशी जेवला नाही. शांताराम दोघांचं जेवला आणि त्याने विचार केला. देवकी पंचमीला, विसर्जनाबरोबर, गेली तर महिन्याभरात दत्तारामही जाणार, आणि मग खांबोळची लोकसंख्या एक होऊन बोलायलाही कोणी उरणार नाही. दुसऱ्या दिवशी त्याला अचानक टिपरच्या जुन्या कागदपत्रांसाठी डिचोलीला जावं लागलं.

त्यानंतर खांबोळच्या जमिनीला बहर आला.

पहिल्यांदा तोरिंग सापडलं. तोरिंग हे पिवळंधम्मक, खरबरीत सालीचं, नारळाएवढं लिंबू. ते दत्तारामने मार्चमध्ये लावलेल्या, कमरेएवढ्या लिंबाच्या रोपावर लागलेलं होतं, आणि रोप त्याच्या भाराने नमस्कार घातल्यासारखं वाकलं होतं. देठाशी निळा नायलॉनचा धागा होता. दत्तारामने शांतारामला हाक मारून ते दाखवलं. शांताराम इतका चकित झाला की काही क्षण त्याला स्वतःलाच खरं वाटलं.

"झाडाक उमेद आसा," तो म्हणाला.

मग नारळाच्या बुंध्याशी सुपारीचं अख्खं शिपटं मिळालं, ऐंशी-नव्वद सुपाऱ्यांचा झुबका. जवळात जवळची पोफळ सर्वणला, डोंगराच्या पलीकडे. दत्तारामने विचारलं, हे इथे कसं. शांतारामने सांगितलं की काल वारं फार होतं. दत्तारामला आठवेना, पण त्याने वाऱ्याचे आभार मानले.

तृतीयेच्या आदल्या दिवशी सिद्धेश रजा घेऊन आला, क्षमाला घेऊन. घर विकून टाका म्हणणारा मुलगा. पण मार्चपासून बाबा फोनवर हसत होते, आणि हे त्याने कुठेही नोंदवलं नसलं तरी तपासलेलं होतं. चहा झाल्यावर तो सहज फिरून येतो म्हणून गेला आणि एक नीरफणस घेऊन आला. हा पडक्या घराच्या मागे, उत्तरेच्या बाजूला, अकरा वाजून वीस मिनिटांनी मिळाला, असं त्याने न विचारता सांगितलं. नीरफणस वर्तमानपत्रात गुंडाळलेला होता. वर्तमानपत्र त्याच दिवसाचं होतं. दत्तारामने बातम्या वाचून ते घडी घालून ठेवलं.

क्षमाचा नंबर तृतीयेच्या दुपारी लागला. तिने सकाळी साखळीच्या बाजारातून आंबाड्यांचे दोन घोस आणले होते. विहिरीमागे झाडी दाट होती. तिथे एखाद्या फांदीला बांधून ठेवायचे आणि मग सासऱ्यांना त्या बाजूला पाठवायचं, असा बेत होता. ती वाकून झाडीत शिरली आणि थांबली.

समोर देवकी उभी होती. पदर खोचलेला, दोन चिऱ्यांवर चढलेली, तोंडात सुतळी. कांगलांचे, म्हणजे नारिंगी रानफळांचे, झुबके ती एका रानझुडपाला बांधत होती, आणि ते झुडूप कांगलांचं नव्हतं. पायाशी क्षमाच्या हातात होती तशीच निळी पिशवी. बाजार एकच, बहुधा विकणारी बाईही एकच.

सासू-सुनेने एकमेकींच्या पिशव्यांकडे पाहिलं. धीर सुनेने केला.

"आई, अट तुमीच न्हय घाल्ली?"

"घाल्ली." देवकीने तोंडातली सुतळी काढली. "त्या मनशान बावीस वर्सां फकत पंप पळेलो. म्हटलें, एक म्हयनो तरी दोळे उगडून जमीन पळोव."

"आनी एकवीस जालें ना जाल्यार?"

"म्हूण तर हें बांदतां," देवकी म्हणाली. "ती फांटी धर."

क्षमाने फांदी धरली. आंबाडेही तिथेच बांधून झाले. परत येताना दोघी वेगवेगळ्या वाटांनी आल्या, आणि देवकी आल्या आल्या दत्तारामला म्हणाली की काय, किती झाले, जमत नसेल तर आताच सांगा, मला सामान बांधायला सोपं.

चवथीच्या सकाळी चौकट टांगली तेव्हा जिनस चोवीस झाले होते. अटीपेक्षा तीन जास्त. शांतारामने एक-दोन गोष्टी घाईत अधिकच उगवायला लावल्या होत्या. दत्ताराम शिडीवर होता, सिद्धेश खालून एकेक देत होता. शेवटी दत्तारामने कोपऱ्यात एक साधी हिरवी डहाळी बांधली, टपोऱ्या शेंगांची. ती त्याने मोजली नाही. ती पंचविसावी म्हणता आली असती, पण शोभेला असू दे म्हणाला. गणपती बसला. आरती झाली. पोदेर सणाच्या दिवशी पाव घेऊन नव्हे, पण माटोळी बघायला डोंगर चढून आला, आणि त्याचीही नोंद घेण्यात आली.

मग दत्तारामने भाषण केलं. भूमी, तिचं मोठं मन, वीस वर्षांचा रुसवा आणि न मागता भरलेली ओटी, असं बरंच त्यात होतं. जपानच्या आजीही होत्या. श्रोत्यांपैकी चार जण जमिनीकडे बघत होते, आणि ते भक्तिभावाने असावं असं दत्तारामला वाटलं. देवकीचा चेहरा अट घालणाऱ्या माणसाचा होता.

तेवढ्यात चंद्रावती आली.

चंद्रावती ही शांतारामची आते, शहाऐंशी वर्षांची. पूर्वी खांबोळच्या सतराही घरांच्या माटोळ्या ती भरायची. कुठलं झाड कधी काय देतं हे तिला तोंडपाठ. आता ती सर्वणला मुलीकडे असे. मे महिन्यात तिच्या दोन्ही डोळ्यांतले मोतीबिंदू काढले होते आणि तिला लांबचं, जवळचं सगळं लख्ख दिसू लागलं होतं. ह्याचा त्या क्षणापर्यंत सगळ्यांना आनंद होता.

तिने गणपतीला हात जोडले, मग काठी टेकून मान वर केली. नंतर काठीचं टोक उचलून एकेका जिनसाला लावत गेली, नाक्यावरचा पोलीस गाड्यांना लावतो तशी.

"हें तोरिंग डिचोलीच्या बाजारचें. नीरफणस बाजारचो. आंबाडे साखळीचे." काठी सुपारीवर थांबली. "हें शिपटें आमच्या दारांतलें. हांव परवां सावन सोदतां."

शांताराम म्हणाला की चुलीवर काहीतरी आहे. चूल त्याच्या घरी होती आणि पेटलेली नव्हती, तरी तो दारापर्यंत गेला.

"उबो राव रे," आते म्हणाली. तो उभा राहिला.

सिद्धेशने चष्मा पुसायला काढला. काठी पुढे सरकत होती आणि जिनस गळत होते. दत्ताराम पाठीमागून बोटं मिटत चालला होता. कांगलांपाशी काठी परत थांबली. चंद्रावतीने मान वाकडी करून बघितलं, मग जवळ जाऊन सुतळीची गाठ बोटाने चाचपली.

"ही गांठ देवकीची," ती म्हणाली. "हिच्या सासूक ही गांठ हांवें शिकयली. तिणें हिका. दुसऱ्या कोणाक ही मारूंक येना."

सगळ्यांनी देवकीकडे पाहिलं. देवकीने माटोळीकडे पाहिलं, जणू ती गाठ तिथे कशी गेली हे तिलाही बघायचं होतं. दत्तारामची बोटं अर्धी मिटलेली राहिली.

पंधरा गेले. नऊ उरले.

"हें खंयचें?" चंद्रावतीने कोपऱ्यातली डहाळी काठीने हलवली. "घागऱ्यो न्हय?"

शांतारामने क्षमाकडे बघितलं, क्षमाने सिद्धेशकडे. कोणाचंच नव्हतं.

"तें डंपावयलें," दत्ताराम हळूच म्हणाला. "माथ्यार एक झुडप आयलां. हांवें मेजूंक ना. डंप आमचो न्हय, म्हटलें."

"डंपार? त्या तांबड्या फातरांत?"

"हय."

चंद्रावतीने त्याला शिडीवर चढायला लावून एक शेंग काढून घेतली. ती कानाशी धरून हलवली. शेंग अजून पुरती वाळलेली नव्हती, तरी आत बारीकसं काही वाजलं. म्हातारीने ती दुसऱ्या कानाशी धरून परत हलवली, मग क्षमाच्या कानाशी, मग सिद्धेशच्या, आणि शेवटी पोदेराच्याही. पोदेराला कशासाठी ते कळलं नाही, पण वाजतं आहे असं त्याने कबूल केलं. शांतारामने मागितली तेव्हा आते म्हणाली, आधी शिपटें.

त्यावर सगळ्यात आधी सिद्धेश हसला, आणि मग ते आवरेना. शांतारामने कुठलं काय कुठे बांधलं ते सांगायला सुरुवात केली. तोरिंगाला दोनदा बांधावं लागलं होतं, पहिल्यांदा रोपच उपटून आलं. सिद्धेशने सांगितलं की अकरा वाजून वीस मिनिटं ही वेळ खरी होती, बाजारातली. चंद्रावती पाटावर बसून हसत होती आणि तिचे नवे डोळे गळत होते. पोदेराने विचारलं, उद्यापासून किती उंडे आणू. शांताराम माजघराच्या दाराकडे बघत होता, कारण देवकी मधेच उठून आत गेली होती, आणि तिच्या मागोमाग दत्तारामही.

स्वयंपाकघरात देवकी रगड्यावर खोबरं वाटत होती. नैवेद्याची पानं वाढायची होती आणि वाटण अर्धं बाकी होतं. तिची पाठ दाराकडे होती. रगड्याचा वरवंटा जड, मांयच्या वेळचा. तो फिरवताना तिचा उजवा खांदा दुखत असावा, कारण ती मधे मधे डावा हात लावत होती. दत्ताराम उंबऱ्यात उभा राहिला. दहा जिनस झाले, असं सांगायला तो आला होता. एकवीस नाहीत. अट मोडली, आणि अट तिची आहे.

तो ते बोलला नाही.

"त्या दिसा," तो म्हणाला, "हांवें पंप बंद करूंक जाय आशिल्लो. एक दीस तरी."

वरवंटा थांबला. बाहेरच्या हसण्याचा आवाज आत येत होता. मागच्या खिडकीतून विहीर दिसत होती. पाणी काठापासून दोन हातांवर होतं आणि त्यात आभाळाचा एक तुकडा हलत होता. देवकीने वाटलेलं खोबरं बोटांनी गोळा केलं, वाटीत काढलं, बोटं वाटीच्या काठावर निपटली. घाई केली नाही. मग पदराने कपाळ पुसलं आणि मान न वळवता म्हणाली,

"पंचमी जातकच साखळीक वचात आनी फ्लॅटांतलो मिक्सर घेवन येयात. झांकण विसरूं नाकात."